निष्प्रयोजन झालेलें अपील

शहाण्यानें कोर्टाची पायरी चढूं नये, अशी एक म्हण मराठींत रूढ आहे. ही म्हण पहिल्या पायरीपुरतीच बोलते. जो एकदां ती पायरी चढला आणि हरला, त्याला लगेच दुसरी पायरी दिसूं लागते, व ती चढण्याचा मोह पहिलीपेक्षां अधिक असतो. ह्या दुसऱ्या पायरीचें नांव अपील. अपिलांत माणूस जिंकतो किंवा हरतो, अशी सर्वांची समजूत असते. परंतु तिसरीही एक गत आहे, आणि ती पुष्कळांच्या वांट्यास येते. आठ-दहा वर्षें तारखांमागून तारखा पडतात, कागदांचे गठ्ठे वाढतात, आणि अखेरीस न्यायाधीश म्हणतात कीं, आतां ह्या अपिलांत निर्णय करण्यासारखें कांहीं उरलेलें नाहीं. अपीलकर्ता जिंकला नाहीं, हरलाही नाहीं. त्याचें गाऱ्हाणें खरें होतें कीं खोटें, हें कोणीं सांगितलेंच नाहीं. वकील मंडळी अशा अपिलाला ‘इन्फ्रक्चुअस’ म्हणतात. मराठींत त्याला निष्प्रयोजन अपील म्हणतां येईल. तें केव्हां निष्प्रयोजन होतें, आणि तसें वाटत असूनही केव्हां होत नाहीं, हा आजच्या भाषणाचा विषय आहे.

इंग्रजींत ह्याकरितां ‘मूट’ असा शब्द आहे, आणि तो मोठा फसवा आहे. त्याचा मूळ अर्थ सभा. पुढें सभेंत वादाला घेण्याजोगा प्रश्न, असा त्याचा अर्थ झाला. कायद्याचे विद्यार्थी सरावासाठीं जें लुटुपुटीचें न्यायालय भरवितात त्याला म्हणूनच ‘मूट कोर्ट’ म्हणतात. लुटुपुटीच्या वादाच्या निकालानें कोणाचें कांहीं जात नाहीं कीं येत नाहीं. अमेरिकेंतील न्यायालयांनीं हाच शब्द, ज्याचें फळ नाहींसें झालें आहे अशा खऱ्या वादाला लावला. एकाच शब्दाचे ‘वाद घालण्याजोगा’ आणि ‘वाद घालण्यांत अर्थ नसलेला’ असे दोन अर्थ व्हावेत, ही भाषेची गंमत. ज्याचें अपील त्या शब्दाखालीं सांपडतें त्याला मात्र गंमत वाटत नाहीं.

ह्या नियमाचें मूळ न्यायालयाच्या कामाच्या स्वरूपांत आहे. न्यायालय हें शंकासमाधानाचें ठिकाण नव्हे. दोन पक्ष हवेत, त्यांच्यांत जिवंत तंटा हवा, आणि निर्णयानें कोणाच्या तरी पदरांत कांहीं पडणारें किंवा पदरांतून जाणारें हवें. भारताच्या राष्ट्रपतींना राज्यघटनेच्या १४३ व्या अनुच्छेदाप्रमाणें सर्वोच्च न्यायालयाचा नुसता सल्ला मागतां येतो. सामान्य पक्षकाराला ती सोय नाहीं. इंग्लंडांत हाउस ऑफ लॉर्ड्सपुढें आलेलें एक विमा-प्रकरण ह्या बाबतींत फार बोलकें आहे. त्याचा निवाडा १९४४ सालच्या अपील-निवाड्यांच्या खंडांत छापलेला आहे. कॅनडाच्या सन लाइफ विमा कंपनीविरुद्ध एका विमेदाराला निकाल मिळाला होता. कंपनीला त्या रकमेची तितकी चिंता नव्हती. परंतु तशाच मजकुराच्या इतर पॉलिसींचा प्रश्न पुढें उभा होता, म्हणून पॉलिसीचा अर्थ वरच्या न्यायासनाकडून एकदां ठरवून हवा होता. अपिलाची परवानगी मिळावी म्हणून कंपनीनें असें कबूल केलें कीं, निकाल कसाही लागो, विमेदाराचे पैसे परत मागणार नाहीं आणि दोन्ही बाजूंचा खर्च स्वतः सोशील. औदार्य मोठें, परंतु त्या औदार्यानेंच अपिलाचा जीव गेला. लॉर्ड चॅन्सेलर सायमन ह्यांनीं विचारलें तें थोडक्यांत असें कीं, विमेदार जिंकला काय आणि हरला काय, त्याला कांहींच फरक पडणार नसेल तर ह्या दोघांत भांडण तें कोणतें? अपील न ऐकतांच काढून टाकण्यांत आलें. कंपनीला प्रश्नाचें उत्तर हवें होतें, आणि प्रश्नाचें उत्तर देणें हें न्यायालयाचें काम नव्हतें.

आतां आपल्याकडे वळूं. १९०८ च्या दिवाणी प्रक्रिया संहितेंत ‘निष्प्रयोजन अपील’ असें प्रकरण कोठेंही नाहीं. न्यायालयें आपल्या अंगभूत अधिकारानें, म्हणजे १५१ व्या कलमाच्या आधारें, हें काम करतात. २००४ सालीं सर्वोच्च न्यायालयानें स्पष्ट सांगितलें कीं, मागाहून घडलेल्या गोष्टीमुळें मूळ दाव्याचा हेतूच नाहींसा झाला असेल, तर त्याची दखल घेऊन तें प्रकरण मिटविणें हें न्यायालयाचें कर्तव्य आहे. त्या प्रकरणांत एका व्यापारी एजन्सीचा करार संपविणाऱ्या नोटिशीविरुद्ध दावा होता. दावा चालू असतांच करार संपविणारी दुसरी, स्वतंत्र नोटीस निघाली. पहिली नोटीस बेकायदा ठरली असती तरी दुसरी उभीच होती. मग पहिलीवर वाद घालून काय मिळणार?

जनतेंत एक गैरसमज फार पसरलेला आहे, आणि त्याच्यामुळेंच कित्येक अपिलें वाया जातात. ‘आम्हीं अपील केलें आहे, आतां खालचा निकाल थांबला’ असें पुष्कळ लोक धरून चालतात. कायदा नेमकें उलट सांगतो. संहितेच्या एकेचाळिसाव्या आदेशाच्या पांचव्या नियमाप्रमाणें नुसतें अपील दाखल केल्यानें हुकूमनाम्याची बजावणी थांबत नाहीं. स्थगिती वेगळी मागावी लागते व ती वेगळी मिळावी लागते. ती नसेल तर जिंकलेला पक्ष दरखास्त देतो, बेलीफ येतो, आणि वरच्या न्यायालयांत वकिलांचे युक्तिवाद सुरू होण्यापूर्वींच खालीं जगाचें रूप पालटलेलें असतें.

समजा, एका वाड्याच्या सामाईक आवारांत जुना वड आहे. एका भागीदाराला तो तोडावयाचा आहे, दुसऱ्याला राखावयाचा आहे. राखूं पाहणाऱ्यानें मनाई हुकूमासाठीं दावा केला आणि तो फेटाळला गेला. त्यानें अपील केलें, पण अपील चालेपर्यंत तात्पुरती मनाई मागितली नाहीं, किंवा मागितली आणि मिळाली नाहीं. चार दिवसांनीं वड तोडला गेला. आतां ‘झाड तोडूं नये’ असा हुकूम कोणत्या झाडाविषयीं द्यावयाचा? हें अपील मेलें. दाव्यांत दुरुस्ती करून नुकसानभरपाई मागण्याची परवानगी मिळाली तर तेवढ्यापुरती त्यांत धुगधुगी राहील, पण वड परत येणार नाहीं. झाडाच्या जागीं भिंत असती तर गोष्ट वेगळी झाली असती. शेजाऱ्यानें खिडकीचा उजेड अडवून भिंत उठविली, तर न्यायालय ती पाडण्याचा हुकूम देऊं शकतें. म्हणून भिंत पूर्ण झाली एवढ्यावरून उजेडाचें अपील निष्प्रयोजन होत नाहीं. घडलेली गोष्ट परत फिरवितां येते कीं नाहीं, हा येथला खरा प्रश्न आहे, आणि बरेच लोक ‘गोष्ट घडली’ एवढ्यावरच निराश होऊन बसतात.

ताबा गेला म्हणजे अपील संपलें, ही समजूतही अशीच चुकीची आहे. हुकूमनाम्याच्या जबरदस्तीनें जागा सोडली किंवा रक्कम भरली, म्हणून कोणी निकाल मान्य केला असें होत नाहीं. संहितेचें १४४ वें कलम ह्याचसाठीं आहे. हुकूमनामा पुढें रद्द झाला किंवा फिरविला गेला, तर त्याच्या जोरावर जें घेतलें तें परत द्यावें लागतें, आणि शक्य तितकें पक्षकारांना पूर्वींच्या स्थितींत आणून बसविणें हें न्यायालयाचें काम ठरतें. न्यायालयाच्या कृतीनें कोणाचें नुकसान होऊं नये, हें तत्त्व प्रिव्ही कौन्सिलनें १८७१ सालींच मोठ्या आग्रहानें मांडलें होतें, आणि आजही न्यायाधीश त्याचा आधार घेतात.

परंतु परत देण्यालाही एक मर्यादा आहे, व ती फार कडू आहे. हुकूमनाम्याच्या वसुलीसाठीं घराचा लिलाव झाला आणि तें घर वादानें स्वतः विकत घेतलें, तर अपील जिंकल्यावर तें परत मिळतें. परंतु त्या भांडणाशीं कांहींच संबंध नसलेल्या तिऱ्हाइतानें न्यायालयाच्या लिलावांत प्रामाणिकपणें बोली लावून तें घेतलें असेल, तर हुकूमनामा पुढें रद्द झाला तरी त्याची खरेदी टिकते, असें प्रिव्ही कौन्सिलनें १८८७ सालीं ठरविलें, आणि सर्वोच्च न्यायालयानेंही १९६६ सालच्या एका निवाड्यांत तोच मार्ग धरला. कारण असें दिलें जातें कीं, न्यायालयाच्या लिलावावर लोकांचा विश्वास राहिला नाहीं तर बोली लावावयास कोणी पुढें येणार नाहीं, आणि त्यानें ऋणकोचेंच अधिक नुकसान होईल. कारण पटण्यासारखें आहे. पण ज्याचें वडिलार्जित घर गेलें आणि मागून ‘तुझ्यावर कर्जच नव्हतें’ असा निकाल मिळाला, त्याला वादीकडून पैसे मिळतील, घर नाहीं. अशा माणसाचें अपील कायद्याच्या दृष्टीनें निष्प्रयोजन नसतें. त्याच्या घरांतल्या माणसांना तें तसें वाटलें तर त्यांना नांवें ठेवतां येत नाहींत.

न्यायालयाबाहेरची खाजगी विक्री मात्र निराळी. दावा चालू असतां कोणी ती मिळकत विकली, तर घेणारा दाव्याच्या निकालानें बांधला जातो. १८८२ च्या मालमत्ता हस्तांतरण कायद्याचें ५२ वें कलम असें सांगतें, आणि दाव्याचें ‘चालू असणें’ हें हुकूमनाम्याची पूर्ण फेड होईपर्यंत किंवा त्याची मुदत जाईपर्यंत धरावयाचें असतें, म्हणजे त्यांत अपीलही येतें. तेव्हां ‘मिळकत आतां तिसऱ्याच्या नांवावर गेली, अपील निष्प्रयोजन झालें’ हा युक्तिवाद येथें चालत नाहीं. मुंबई इलाख्यांत १९३९ सालीं ह्या कलमांत एक स्थानिक बदल करण्यांत आला: ज्या भागांना तो लागू केला आहे तेथें हें संरक्षण हवें असेल तर दाव्याची सूचना रजिस्टर करावी लागते. मुंबई शहरांत सदनिकेचा किंवा जमिनीचा दावा लढणाऱ्यांनीं हें विसरूं नये, कारण ही सूचना रजिस्टर झालेली नसेल तर मधल्या काळांत घेणाऱ्याला त्याचा फायदा मिळतो.

आतां घराच्याच दुसऱ्या बाजूकडे येऊं. घरमालक आणि भाडेकरू ह्यांच्या भांडणाकडे. मुंबईंत अशा दाव्याचें अपील लघुवाद न्यायालयांतच, दोन न्यायाधीशांच्या पीठापुढें चालतें. १९४७ च्या मुंबई भाडे कायद्यांत तशी व्यवस्था होती व त्याच्या जागीं आलेल्या, ३१ मार्च २००० पासून अमलांत असलेल्या महाराष्ट्र भाडे नियंत्रण कायद्यांतही ती राहिली आहे. जागा परत मागण्याच्या कारणांत एक कारण असतें मालकाच्या रास्त व प्रामाणिक गरजेचें. मुलाचें लग्न झालें, संसार वाढला, मुलाला दवाखाना काढावयाचा आहे, अशी ती गरज असते. दावा दाखल होतो तेव्हां मुलगा पंचविशीचा असतो. अखेरचें अपील निघतें तेव्हां त्याचे केस पिकलेले असतात. मधल्या काळांत आयुष्य थांबत नाहीं. मुलगा नोकरीला लागतो, मालक दुसरें घर बांधतो, कधीं मालकच जग सोडून जातो. मग भाडेकरू वरच्या न्यायालयांत अर्ज करतो कीं, गरज संपली, तेव्हां ताब्याच्या हुकूमनाम्याला आतां आधार नाहीं.

१९७५ सालीं आंध्र प्रदेशांतील एका दुकानाच्या जागेच्या प्रकरणांत न्यायमूर्ति व्ही. आर. कृष्ण अय्यर ह्यांनीं ह्या विषयाचा पाया घातला. सामान्य नियम असा कीं, पक्षकारांचे हक्क दावा दाखल झाला त्या दिवसाच्या स्थितीवरून ठरावयाचे. परंतु मागाहून घडलेली एखादी गोष्ट मागितलेल्या दादीच्या मुळालाच हात घालीत असेल, तर न्यायालयानें तिच्याकडे डोळेझांक करतां कामा नये. मात्र ती गोष्ट योग्य रीतीनें पुढें आणली पाहिजे आणि दुसऱ्या बाजूला उत्तर देण्याची संधि मिळाली पाहिजे. वाचतांना हा नियम अगदीं सरळ वाटतो. अडचण आली ती तो वापरतांना, कारण दिरंगाई करणाऱ्या भाडेकरूंच्या हातीं त्यानें एक आयतें हत्यार दिलें. जितका वेळ काढावा तितक्या नव्या घटना, आणि जितक्या नव्या घटना तितकें गरज संपल्याचें म्हणणें सोपें.

ह्या हत्याराची धार २००१ सालीं उत्तर प्रदेशांतील एका प्रकरणांत बोथट करण्यांत आली. वडिलांनीं आपल्या डॉक्टर मुलाच्या दवाखान्यासाठीं जागा मागितली होती. सर्वोच्च न्यायालयापर्यंत पोहोचेतों २३ वर्षें गेलीं, आणि दरम्यान मुलगा सरकारी वैद्यकीय सेवेंत रुजू झाला. भाडेकरूचें म्हणणें असें कीं, आतां दवाखाना कसला? न्यायमूर्ति के. टी. टॉमस ह्यांच्या निवाड्याचा आशय असा: निर्णायक दिवस तो अर्जाचा. २३ वर्षें बाप व मुलगा हातावर हात ठेवून बसतील, अशी अपेक्षा कोणी करूं नये. त्यांनीं कांहीं कामधंदा केला म्हणून त्यांची गरज गेली, असें म्हटलें तर न्यायाच्या संथपणाची शिक्षा निरपराध माणसाला भोगावी लागेल. मागाहूनची घटना गरजेला पूर्णपणें झांकून टाकील इतकी मोठी असेल तरच ती विचारांत घ्यावयाची.

पहिल्या आणि दुसऱ्या निवाड्यांत वरवर पाहणाऱ्याला विरोध दिसेल, तो नाहीं. मालकाला हवी होती तशीच जागा दुसरीकडे मिळाली, तर गरज भागली. मुलानें पोटासाठीं नोकरी धरली, तर गरज भागली नाहीं, ती फक्त थांबून राहिली. भागलेली गरज आणि ताटकळलेली गरज ह्यांतला हा भेद व्यवहारी माणसाला न्यायशास्त्र न शिकतांही कळतो, आणि तो न्यायालयांनीं ओळखला हें चांगलें झालें. मात्र दुसरी बाजूही सांगितली पाहिजे. खोटी गरज दाखवून जुन्या भाडेकरूला बाहेर काढणारे आणि ताबा मिळतांच जागा चढ्या भावानें देणारे मालक कांहीं थोडे नाहींत. त्या भाडेकरूच्या दृष्टीनें मागाहूनच्या घटना म्हणजे मालकाचें पितळ उघडें पाडणारा पुरावाच असतो.

मालक वारला तर काय? १९७३ सालीं सर्वोच्च न्यायालयानें अशी भूमिका घेतली होती कीं, मालकाची वैयक्तिक गरज त्याच्याबरोबर संपते. तीन वर्षांनीं, १९७६ सालीं, अधिक मोठ्या पीठानें ती दुरुस्त केली: गरज कुटुंबाचीही सांगितलेली असेल, तर कुटुंब मागें आहे व गरजही आहे. पुढें २००४ सालीं असेंही सांगण्यांत आलें कीं, मालकाच्या हयातींत ताब्याचा हुकूमनामा झाला असेल, तर अपील चालू असतां तो वारला म्हणून हुकूमनामा निष्फळ होत नाहीं; त्याचा लाभ वारसांना मिळतो.

आणि इमारतच गेली तर? हा प्रश्न आपल्याकडे पावसाळ्यांत नेहमीं उभा राहतो. मोडकळीस आलेली इमारत नगरपालिका पाडते, आणि जागेच्या हक्कासाठीं लढणाऱ्या भाडेकरूला सांगण्यांत येतें कीं, भिंतीच नाहींत तर भाडेकरी हक्क कशावर? २०१४ सालीं सांगलीच्या एका प्रकरणांत सर्वोच्च न्यायालयाच्या तीन न्यायाधीशांच्या पीठानें ह्याला उत्तर दिलें. महापालिकेनें इमारत पाडली एवढ्यानें भाडेकरार संपत नाहीं, कारण भाड्यानें दिलेल्या इमारतींत तिच्या खालची जमीनही येते आणि जमीन जागच्या जागीं असते. ह्यापूर्वींचा उलट निर्णय त्या पीठानें बाजूला सारला. म्हणजे ढिगारा पाहून भाडेकरूचें अपील निष्प्रयोजन ठरवितां येत नाहीं. चाळीच्या चाळी पुनर्बांधणीला निघालेल्या शहरांत ह्या निर्णयाचें मोल केवढें आहे, तें निराळें सांगावयास नको.

पक्षकाराच्या मृत्यूनें अपिलावर आणखीही एक संकट येतें. तें निष्प्रयोजनतेचें नव्हे, मुदतीचें. पक्षकार वारल्यापासून ९० दिवसांच्या आंत त्याचे वारस दप्तरीं घेण्याचा अर्ज झाला नाहीं, तर बाविसाव्या आदेशाप्रमाणें अपील त्याच्यापुरतें आपोआप पडतें. तें पुन्हां उभें करण्यासाठीं आणखी ६० दिवस असतात, आणि त्यानंतर उशिराचें समाधानकारक कारण द्यावें लागतें. येथें तंटा मेलेला नसतो, तो चालविणारा हजर नसतो. परंतु कांहीं हक्क असे असतात कीं ते माणसाबरोबर चितेवर जातात, आणि त्यांत अब्रू हा एक आहे. केरळांतून आलेल्या एका अब्रूनुकसानीच्या दाव्याचा निकाल सर्वोच्च न्यायालयानें १९८५ मध्यें दिला. वादी सर्वोच्च न्यायालयांत आला तेव्हां त्याच्या हातीं हुकूमनामा नव्हता; अपील चालू असतां तो वारला. वारसांनीं तें पुढें चालवूं म्हटलें. न्यायालयानें सांगितलें कीं, बदनामीबद्दल दाद मागण्याचा हक्क त्याचा एकट्याचा होता, तो संपला. तोच वादी खालीं जिंकला असता आणि प्रतिवादीचें अपील चालू असतां वारला असता, तर हुकूमनाम्याची रक्कम त्याच्या इस्टेटीचा भाग झाली असती व वारसांना ती राखतां आली असती. दोन्हीं स्थितींत बदनामी तीच. पण मरणाच्या दिवशीं हातांत हुकूमनामा आहे कीं नाहीं, ह्यावर सारें अवलंबून. निष्कलंक नांव मागें ठेवून जावें एवढीच ज्याची इच्छा होती, त्याच्या मुलांना हा भेद कोणत्या शब्दांत समजवावा, हें वकिलांनाही अवघड जात असेल.

विवाहाच्या बाबतींत मात्र न्यायालयें अशी सहज हात झाडीत नाहींत. एका नवऱ्याला उच्च न्यायालयानें घटस्फोट दिला. बायकोला सर्वोच्च न्यायालयांत जाण्याची वाट मोकळी होती. ती जाणार कीं नाहीं ह्याची खात्री न करतांच त्यानें कांहीं महिन्यांत दुसरें लग्न केलें, आणि त्याला मूलही झालें. बायको सर्वोच्च न्यायालयांत पोहोचली तेव्हां तो म्हणाला कीं, आतां हें अपील ऐकून काय उपयोग? नवा संसार उभा आहे, निरपराध मूल आहे. १९६६ सालच्या ह्या निवाड्यांत न्यायालयानें त्याचें म्हणणें मानलें नाहीं. घाईनें लग्न उरकून दुसऱ्या बाजूची दाद मागण्याची संधि हिरावून घेतां येत नाहीं, असें सांगून अपील ऐकलें आणि घटस्फोटाचा हुकूमनामा रद्द केला. कोणी म्हणेल कीं, त्यामुळें दुसऱ्या बाईची आणि मुलाची अवस्था बिकट झाली. झालीच; परंतु ती बिकट करणारा कोण होता, हें न्यायालयाला दिसत होतें. स्वतः घडवून आणलेल्या घटनेवर उभा राहून ‘आतां उशीर झाला’ असें म्हणणाऱ्याचें ऐकूं नये, हा ह्या निवाड्याचा गाभा आहे. तसेंच १९९६ च्या एका प्रकरणांत, एकतर्फी घटस्फोट मिळवून नवरा वारला असतांही, तो हुकूमनामा रद्द करण्याचा बायकोचा अर्ज वारसांविरुद्ध चालूं शकतो, असें ठरलें. नवरा गेला तरी ती त्याची विधवा आहे कीं परित्यक्त परकी बाई आहे, हा प्रश्न जिवंत होता. त्यावर तिचा वारसाहक्क अवलंबून होता.

मागें कांहीं परिणाम उरतो काय, ही कसोटी निवडणुकीच्या प्रकरणांत अधिक स्पष्ट दिसते. १९७४ सालीं ओरिसा विधानसभेच्या एका सभासदाच्या निवडीविरुद्धचें अपील सर्वोच्च न्यायालयापुढें होतें. तोंवर विधानसभाच विसर्जित झाली. उमेदवाराचा सरकारशीं कंत्राटी संबंध होता कीं नव्हता, एवढाच वाद होता. त्याचा निकाल कसाही लागला तरी पुढें कोणावर कांहीं बंधन येणार नव्हतें, म्हणून न्यायालयानें तो प्रश्न हातीं घेतला नाहीं. परंतु भ्रष्ट आचरणाचा आरोप असता तर विधानसभा गेली तरी आरोप उभा राहिला असता, कारण तो सिद्ध झाल्यास पुढील निवडणुकांना उभें राहण्याची अपात्रता येऊं शकते.

अपील चालू असतां कायदाच बदलला, तर काय होतें, हें थोडक्यांत सांगतां येईल. अपील म्हणजे दाव्याची पुनःसुनावणी, तेव्हां वरच्या न्यायालयानें आजचा कायदा लावावा, असें फेडरल न्यायालयानें १९४० सालीं बिहारच्या सावकारी कायद्यासंबंधींच्या प्रकरणांत सांगितलें. आपसांतली तडजोड तर सर्वांत सोपी. ती लेखी होऊन दाखल झाली कीं तिच्याप्रमाणें हुकूमनामा होतो. मात्र एक खोंच आहे. अपीलकर्त्यानें आपलें अपील काढून घेतलें, तरी उत्तरवादीनें आपल्या बाजूनें उलट आक्षेप दाखल केला असेल तर तो जिवंत राहतो व चालतो. ज्यानें अपील केलें तो घरीं गेला, आणि ज्याच्याविरुद्ध केलें तोच लढत राहिला, असा प्रकार होऊं शकतो.

अपील निष्प्रयोजन म्हणून निघालें, तर खालच्या हुकूमनाम्याचें काय होतें, ह्या प्रश्नाकडे पक्षकार बहुधा लक्ष देत नाहींत, आणि तो महत्त्वाचा आहे. अमेरिकेच्या सर्वोच्च न्यायालयानें १९५० सालीं असा प्रघात सांगितला कीं, पक्षकाराचा दोष नसतां अपील निष्प्रयोजन झालें, तर खालचा निकालही पुसून टाकावा, म्हणजे ज्याला वर दाद मिळालीच नाहीं त्याच्यावर तो निकाल कायमचा बसूं नये. १९९४ सालीं त्याला मुरड घातली गेली: पक्षकारांनीं स्वतः तडजोड केली असेल तर सामान्यतः ही सवलत नाहीं. आपल्याकडे असा आपोआप पुसण्याचा नियम नाहीं. न्यायालयानें वेगळें कांहीं लिहिलें नाहीं तर खालचा हुकूमनामा कागदावर राहतो, आणि पुढच्या एखाद्या दाव्यांत ‘हा मुद्दा पूर्वींच ठरलेला आहे’ म्हणून तो पुढें टाकला जाण्याचा धोका असतो. म्हणून जाणता वकील नुसतें ‘अपील निकाली’ एवढ्यावर समाधान मानीत नाहीं. कायद्याचे प्रश्न खुले ठेवले आहेत, खालचीं अनुमानें बंधनकारक नाहींत, अशी नोंद निकालांत व्हावी अशी विनंति तो करतो. ही नोंद दोन ओळींची असते. ती नसेल तर तिच्या उणिवेवर पुढें दहा वर्षें वाद चालूं शकतो. खर्चाचा प्रश्नही त्याच वेळीं काढावा लागतो, कारण नुसत्या खर्चापुरतें अपील जिवंत ठेवण्यास न्यायालयें सामान्यतः राजी नसतात.

अपील करणाऱ्यानें घड्याळाकडे पाहिलें पाहिजे. हुकूमनाम्याविरुद्ध जिल्हा न्यायालयांत ३० दिवसांत आणि उच्च न्यायालयांत ९० दिवसांत जावें लागतें. स्थगितीचा अर्ज त्याच दिवशीं करणें चांगलें, कारण स्थगिती देतांना न्यायालय तीन गोष्टी पाहतें: ती न दिल्यास मोठें नुकसान होईल काय, अर्ज विनाकारण उशिरा केला आहे काय, आणि पुढें हुकूमनामा पाळला जाईल ह्याबद्दल तारण दिलें आहे काय. तारणाची तयारी नसल्यामुळें स्थगिती हुकलेलीं माणसें कोर्टाच्या आवारांत रोज दिसतात. मधल्या काळांत कांहीं घडलें, जागा विकली गेली, इमारत पडली, कोणी वारलें, तर तें प्रतिज्ञापत्रावर न्यायालयाला सांगावें लागतें. तोंडी सांगून भागत नाहीं. पक्षकाराच्या मृत्यूची बातमी कळतांच ती न्यायालयाला कळविणें हें त्याच्या वकिलाचें कर्तव्य आहे, असा नियम १९७६ च्या दुरुस्तीनें संहितेंत घालण्यांत आला, आणि तेवढ्यापुरतें वकील व मृत पक्षकार ह्यांच्यांतील करारही जिवंत मानला जातो.